दोन अण्णा

दादाचा फोन रात्री नऊनंतर आला की समजायचं, काहीतरी बिनसलंय. मागच्या महिन्यात तो सव्वादहाला आला.

"झोपलास का?"

"नाही, बोल की."

"तुझ्या पुतण्यानं गाणं सोडलंय म्हणं."

'तुझ्या' पुतण्यानं! पोरानं काही नाव काढलं की तो दादाचा मुलगा असतो, आणि असं काही झालं की लगेच माझा पुतण्या होतो. हे आमच्याकडं जुनंच आहे.

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडं मागचं सांगतो. दादा लोह्यातच राहतो, कापडाचं दुकान आहे. मी नोकरीनिमित्त नांदेडला आलो आणि इथलाच झालो. दादाचा हा धाकटा मुलगा इंजिनियरिंगला म्हणून पुण्याला गेला आणि तिथं गाण्यात घुसला. फिरोदिया करंडकात गायला, मित्रांबरोबर बँड काढला, आणि सहा-सात वर्षांपूर्वी एका वाहिनीवरच्या गाण्याच्या स्पर्धेत सुरुवातीच्या काही फेऱ्या पार करून गेला. झालं! लोह्याच्या बसस्टँडसमोर त्याचा फ्लेक्स लागला. 'लोह्याचा आवाज'. खाली शुभेच्छुकांचे पंचवीस-तीस फोटो, त्यात ज्याचा आवाज त्याचाच फोटो सगळ्यात लहान. पोरगा पुढच्या फेरीत बाहेर पडला तरी फ्लेक्स बरेच दिवस होता. पुढे तो एका ओळखीच्यांच्या कडब्याच्या गंजीवर गेला आणि दोन पावसाळे टिकला. असो.

तर आता हा लोह्याचा आवाज म्हणतोय, मी गायची कामं घेणार नाही. वेब सिरीजना पार्श्वसंगीत करणार. पडद्यावर माणसं बोलत असतात, चालत असतात, रडत असतात, त्यांच्या मागं जे वाजतं ते.

"म्हणजे ते सीरियलमधलं ढँण ढँण?" दादा.

"तसंच नाही रे..."

"तीन-तीनदा तोंड दाखवतात आन् ढँण ढँण करतात, तेच की. त्याच्यासाठी एवढं गाणं शिकला का? तू समजाव त्याला. तुझं ऐकतो तो."

माझं कुणी ऐकत नाही हे दादाला चांगलं ठाऊक आहे. पण मोठ्या भावानं काम सांगितलं की नाही म्हणता येत नाही. पुतण्याला फोन केला. तो शांतपणे म्हणाला, "काका, गाणं सोडलं नाही. दुसऱ्यांसाठी करायलोय एवढंच." मग त्यानं एका क्लिंट मॅन्सेलचं नाव सांगितलं. ब्रिटनमधल्या 'पॉप विल ईट इटसेल्फ' नावाच्या बँडचा गायक. १९९६ साली बँड मोडला, गडी न्यूयॉर्कला गेला, आणि १९९८ च्या 'पाय' नावाच्या सिनेमाला संगीत दिलं. मग २००० साली 'रेक्विएम फॉर अ ड्रीम', २०१० साली 'ब्लॅक स्वान'. आज त्याला जग ओळखतं ते सिनेमाच्या संगीतासाठी, त्याच्या गाण्यासाठी नाही.

मी म्हटलं, "बाबा, लोह्यात क्लिंट मॅन्सेल चालत नाही. दादाला पटेल असं काहीतरी सांग."

"मग तुम्हीच सांगा की. आपल्याकडं झालाच असंल कुणीतरी."

फोन ठेवला आणि उदाहरण आठवायला लागलो. अगदी घरातच होतं. एक नाही, दोन.

आमच्या घरात अण्णा म्हणजे दोन माणसं. एक माझे वडील. लोह्यात शिवणकाम करायचे. दुसरे सी. रामचंद्र. सिनेमाच्या दुनियेत त्यांना सगळे अण्णाच म्हणायचे आणि आमचे अण्णाही त्यांना अण्णा म्हणायचे, जसे काही आपले थोरले भाऊ. "अण्णांनी इथं बघ कसं केलंय" असं वडील म्हणाले की मला लहानपणी वाटायचं, हे स्वतःबद्दलच बोलायलेत.

आणखी एक घोळ होता. रेडिओवर निवेदक सांगायचा, गायक लता मंगेशकर आणि चितळकर, संगीतकार सी. रामचंद्र. मी किती वर्षं समजत होतो की ही दोन वेगळी माणसं आहेत! चितळकर नावाचा कुणीतरी कोकणातला नाहीतर पुण्याचा मऊ बोलणारा माणूस असेल, आणि सी. रामचंद्र म्हणजे मद्रासकडचा सुटाबुटातला. दोघे एकच, रामचंद्र नरहर चितळकर, जन्म १२ जानेवारी १९१८, गाव नगर जिल्ह्यातलं पुणतांबं, हे कळलं तेव्हा मी आठवीत असेन. कुणीतरी फसवल्यासारखं वाटलं होतं.

या माणसाचा प्रवास बघा. नागपुरात शंकरराव सप्र्यांकडं गाणं शिकला. सिनेमात आला तो हिरो म्हणून! १९३५ च्या सुमारास 'नागानंद' नावाच्या सिनेमात नायक. सिनेमा आपटला. मग मिनर्व्हा मूव्हिटोनमध्ये बारीकसारीक कामं आणि तिथल्या संगीतकारांच्या हाताखाली पेटी वाजवणं. म्हणजे पडद्याच्या पुढून मागं, आणि मागं म्हणजे पार कोपऱ्यात. संगीतकार म्हणून पहिले सिनेमे मिळाले ते तमिळ, 'जयक्कोडी' आणि 'वनमोहिनी'. ज्याला तमिळ येत नाही असा नगरचा माणूस तमिळ गाण्यांना चाली लावतो... पोटासाठी माणूस काय काय करतो. मग १९४२ साली भगवानदादांचा 'सुखी जीवन'. तिथून पुढे अण्णांनी इतक्या नावांनी कामं केली की मोजताना दमायला होतं. कुठं राम चितळकर, कुठं अण्णासाहेब, कुठं श्यामू. गायला बसले की नुसते चितळकर.

आमच्या अण्णांना ते भेटले १९५३ साली. भेटले म्हणजे रेडिओवर. तेव्हा आमचं लोहं अजून हैदराबाद राज्यात होतं. अण्णा १९३८ चे, पहिल्या इयत्ता उर्दूतून झालेल्या, पोलीस ॲक्शनच्या वेळी दहा वर्षांचे. पंधराव्या वर्षी एका शिंप्याच्या हाताखाली काजं-बटणं करायला बसले. गावात वीज नव्हती. एका वाड्यात बॅटरीवरचा रेडिओ होता आणि बुधवारी रात्री आठला वाड्याच्या ओट्यावर माणसं जमायची. केसकर मंत्र्यांनी १९५२ पासून आकाशवाणीवर सिनेमाची गाणी जवळजवळ बंदच केली होती, त्यामुळं सगळा देश सिलोनकडं कान लावून बसलेला. अमीन सयानी, बिनाका गीतमाला. त्या वर्षी 'अनारकली'तलं लताबाईंचं गाणं गीतमालेत वर्षभरात पहिलं आलं. संगीत सी. रामचंद्र. आमचे अण्णा सांगायचे, उर्दू शिकल्याचा आयुष्यात एवढाच उपयोग झाला, अनारकलीतली गाणी कळली.

पण अण्णा खरे वेडे झाले ते 'अलबेला'नं. सिनेमा १९५१ चा, आमच्या लोकांना दिसला तो तीन वर्षांनी, माळेगावच्या यात्रेत. माळेगावची यात्रा माहीत नसणाऱ्यांनी एकदा मार्गशीर्षात येऊन बघाच. खंडोबाची यात्रा, घोडे-उंट-गाढवांचा बाजार, तमाशाचे फड, आणि त्या काळात तंबूतला सिनेमा. अण्णा बैलगाडीत बसून गेले आणि तीन रात्री सलग तोच सिनेमा बघून आले. घरी आल्यावर मार खाल्ला. (तो तिन्ही रात्रींचा एकदम.)

'अलबेला'त काय होतं? भगवानदादा पोट सुटलेले, नाच म्हणजे जागच्या जागी डुलणं, दिसायला आपल्यातलेच. त्यांच्या तोंडी चितळकरांचा आवाज. आणि मागं ट्रम्पेट, क्लॅरिनेट, बोंगो. हा बाज आणायला अण्णांनी गोव्याचे वादक हाताशी धरले होते. त्यातले चिक चॉकलेट म्हणून ओळखले जाणारे अँतोनियो झेव्हिअर वाझ, हळदोण्याचे, मुंबईच्या हॉटेलांत जॅझ वाजवणारे, ते तर अलबेलात पडद्यावरही दिसतात. आज पुतण्या लॅपटॉपवर जे आवाज बटण दाबून काढतो, ते त्या काळी गोव्याच्या माणसांच्या फुप्फुसातून यायचे, एवढाच फरक. परदेशी सुरावटही अण्णा बिनदिक्कत घ्यायचे. १९५० च्या 'समाधी'तलं ते गोऱ्या छोऱ्याचं गाणं एडमंडो रॉसच्या एका गाण्यावरून आलेलं आहे. चोरी म्हणा, उसनवारी म्हणा. मला विचाराल तर, जो माणूस पुढच्याच वर्षी त्याच सिनेमात नाचगाणीही देतो आणि 'अलबेला'तल्या अंगाईसारखी अंगाईही देतो, त्याच्याकडं उसनवारीचा हिशेब मागायला मी जाणार नाही.

आमचे अण्णाही गायचे, हे सांगायचं राहिलंच. गणपतीच्या मेळ्यात ते चितळकरांची गाणी म्हणायचे. 'पतंगा'तलं रंगूनच्या टेलिफोनचं गाणं तर दोन्ही आवाजांत, शमशाद बेगमचंही स्वतःच. गाव हसून लोळायचं. पण मला कळायला लागलं तेव्हापासून मी त्यांना कधी पुढं बसून गाताना पाहिलं नाही. पेटी वाजवायचे. भजनी मंडळात, मेळ्यात, शाळेच्या गॅदरिंगला, नेहमी पेटीवर. पोरांना गाणी शिकवायचे. स्वतः गायचे ते फक्त मशीनवर, तेही दुकानात कुणी नसताना. मी डबा घेऊन गेलो की पायरीशीच थांबायचो, कारण आत गेलं की गाणं थांबायचं.

आता माझी गोष्ट. पन्नास वर्षं झाली असतील, दादा सोडून कुणाला सांगितलेली नाही.

१९७६ ची गोष्ट. मी सातवीत. शाळेत २६ जानेवारीच्या कार्यक्रमाला ते गाणं बसवायचं ठरलं, चीनच्या युद्धानंतर २७ जानेवारी १९६३ ला दिल्लीत नेहरूंसमोर लताबाईंनी म्हटलेलं. शब्द कवी प्रदीपांचे, चाल अण्णांची. दुसऱ्या अण्णांची. पेटीवर आमचे अण्णा. गाणार मी. पंधरा दिवस अण्णांनी माझी तयारी करून घेतली. दुकान बंद झालं की कंदिलाच्या... नाही, तेव्हा वीज आली होती, पण ती नसायचीच, म्हणून कंदिलाच्या उजेडात. एक एक ओळ वीस-वीस वेळा. आईनं नवा पांढरा शर्ट धुऊन ठेवला, अण्णांनीच शिवलेला.

२४ तारखेला संध्याकाळी शाळेत शेवटची तालीम होती. माझं म्हणून झालं. अण्णा थोडा वेळ पेटीवर बोटं ठेवून गप्प बसले. मग कोरसमधल्या एका मुलीला म्हणाले, "बाई, तू म्हण बरं." ती माझ्याच वर्गातली. तिनं पहिला अंतरा म्हटला. अण्णा मास्तरांना म्हणाले, "हे गाणं हिच्या गळ्यात बसायलंय. हिलाच घ्या." मग माझ्याकडं बघून, "तू शेवटच्या कोरसला उभा राह्य."

सगळ्या पोरांसमोर.

मी कोरसला उभा राहिलो नाही. २६ तारखेला पोट दुखतंय म्हणून घरी पडून राहिलो. गाणं लाउडस्पीकरवरून घरापर्यंत ऐकू येत होतं आणि खरं सांगतो, ती फार सुंदर गायली. त्यानंच जास्त लागलं. अण्णांनी नंतर कधी विषय काढला नाही, मीही नाही. पण मी पुन्हा कधी गायलो नाही. ते २००४ साली गेले. शेवटच्या आजारपणात मी रात्री त्यांच्याजवळ असायचो, दोन-तीनदा विचारावंसं वाटलं, विचारलं नाही.

ते गेल्यावर एकदा आईशी बोलताना निघालं. ती म्हणाली, "त्यायला सवताला बी असंच झालतं की." लग्नाच्या आधीची गोष्ट. माळेगावच्या यात्रेत कुठल्याशा गाण्याबजावण्याच्या पार्टीनं गायक हवा म्हणून पोरं बघितली होती. अण्णा गेले. चितळकरांचं म्हटलं, तलतचं म्हटलं, रफीचं म्हटलं. प्रत्येक अगदी हुबेहूब. पार्टीचा मालक म्हणाला, "पोरा, हे सगळ्यायचं झालं. आता तुझं म्हण." अण्णांना कळेना, माझं म्हणजे काय. परत आले आणि पुढच्या वर्षी दिवाळीला जुनी पेटी विकत घेतली.

मी बराच वेळ गप्प बसलो होतो. आईनं शेंगा सोलणं काही थांबवलं नाही.

नंतर मी नांदेडच्या एका वाचनालयातून सी. रामचंद्रांचं 'माझ्या जीवनाची सरगम' आणून वाचलं, १९७७ साली आलेलं आत्मचरित्र. गाणीही नव्यानं ऐकली. तेव्हा एक गोष्ट ध्यानात आली, जी आमच्या अण्णांना बहुतेक फार आधी आली होती.

'आझाद' घ्या. १९५५ चा, दिलीपकुमार-मीनाकुमारी. नौशादसाहेब एवढ्या घाईत गाणी करून द्यायला नाही म्हणाले आणि अण्णांनी ती थोड्याच दिवसांत करून दिली, असं सांगतात. त्यातलं एक द्वंद्वगीत तलत महमूदसाठी बांधलेलं होतं. तलत काही येऊ शकले नाहीत. रेकॉर्डिंग तर ठरलेलं. मग अण्णा स्वतःच लताबाईंबरोबर उभे राहिले आणि गायले. कसे? तलतसारखे. तोच थरथरता मऊ आवाज. आजही कितीतरी लोक ते तलतचं समजून ऐकतात. मीही समजायचो.

आता मला सांगा, याला काय म्हणायचं? नक्कल? माळेगावच्या त्या मालकानं नक्कलच म्हटलं असतं. मला तसं वाटत नाही. ज्याला दुसऱ्याचा गळा इतका आतून कळतो, तो संगीतकार होणारच. चाल बांधतानाच त्याला ऐकू येत असणार की हे लताचं, हे शमशादचं, हे किशोरचं. आणि हे, जरा खट्याळ, जरा घरगुती, हे चितळकरचं. अण्णांनी स्वतःसाठी काय ठेवलं बघा. रविवारी भेटायला ये म्हणणारं 'शहनाई'तलं गाणं, रंगूनचा टेलिफोन, भगवानदादांचं डुलणं. विनोदी, हलकंफुलकं. आणि 'अनारकली'? ती बहुतेक लताबाईंच्या ओंजळीत. १९५७ साली 'आशा'मध्ये अर्थ नसलेल्या शब्दांचं ते धमाल रॉक अँड रोल आलं, ते पाच-सहा वर्षं आधी असतं तर त्यांनी स्वतःच म्हटलं असतं असं मला वाटतं. पण ते गेलं किशोरकुमारकडं. बरोबर होतं ते. किशोरनं जे केलं ते चितळकरांना जमलं नसतं, आणि हे चितळकरांना कळत होतं.

आपल्या गळ्याला काय जमत नाही हे ऐकू येणं सोपं नाही हो. गाणाऱ्या माणसाला तर मुळीच नाही.

आणि सगळं सुखाचं झालं असंही नाही. पुढं लताबाईंशी बिनसलं आणि ज्या गळ्यासाठी अर्धं आयुष्य चाली बांधल्या तो काही वर्षं मिळेना. १९५९ ला 'नवरंग' झाला, व्ही. शांतारामांचा, आणि गाजला. त्यात आशाबाई आणि महेंद्र कपूर. १९६३ चं ते गाणं लताबाईंकडंच आलं, पण सिनेमाची कामं कमी होत गेली. मग अण्णांनी मराठीत स्वतः सिनेमे काढले, १९६६ ला 'धनंजय' आणि १९७० ला 'घरकुल'. संगीत तर दिलंच, शिवाय त्यात कामही केलं! म्हणजे 'नागानंद'चा पडलेला हिरो तीस-पस्तीस वर्षांनी पुन्हा पडद्यासमोर. हे वाचलं तेव्हा मला हसूही आलं आणि कसंतरीही झालं. इतकी वर्षं मागं बसलेल्या माणसाचा एक पाय पुढं टाकायला आसुसलेला असतोच का? 'घरकुल'मधलं पप्पांचं गाणं आज घराघरात आहे, ते गायलं मात्र नट अरुण सरनाईकांनी, प्रमिला दातारांबरोबर. तिथंही गळा बरोबर निवडलेला. ५ जानेवारी १९८२ ला अण्णा गेले. आमच्या अण्णांनी त्या दिवशी दुकान उघडलं नाही. शेजारच्यांनी विचारलं तर म्हणाले, घरातलं माणूस गेलंय.

हे सगळं मी दादाला सांगितलं. गेल्या रविवारी तो नांदेडला आला होता, गुरुद्वाऱ्याजवळ त्याचं काही काम होतं, मग जेवायला घरी. तो ऐकत होता, मधून मधून भाकरी मोडत. माळेगावचं त्याला माहीत नव्हतं, आईनं त्याला कधी सांगितलं नव्हतं. ते ऐकून जेवायचा थांबला.

"म्हणून ते मला म्हणायचे, तू तबला वाजीव, गाऊ नको," दादा म्हणाला. "मला वाटायचं, मला काही येतच नाही असं वाटतंय यांना."

"मलाही तसंच वाटायचं."

"त्या पोरीला गाणं दिलं तवा तू किती रडला होतास."

"मी रडलो नव्हतो. पोट दुखत होतं."

"हां, पोट," दादा म्हणाला, आणि आम्ही दोघं हसलो. पण थोडंच.

मी कुणाला समजावलं असं नाही. दादाचं म्हणणं अजूनही आहे की दोन्ही करता येतं, चितळकर गायचेच ना, मग यानंही गावं. त्यात चूक काही नाही. आणि माझ्या मनात अजूनही आहे की अण्णांनी हे २४ तारखेला न करता दहा तारखेला केलं असतं तर चाललं असतं. गळा ओळखता आला म्हणून पोराचं तोंड दिसू नये असं थोडंच आहे. दोन्ही अण्णांबद्दल माझ्या मनात फार आदर आहे, पण ही एक गाठ काही सुटत नाही, आणि आता सुटावी असंही वाटत नाही.

जेवण झाल्यावर पुतण्याला व्हिडिओ कॉल लावला. त्यानं काम कसं चालतं ते दादाला दाखवलं. आधी त्याच्याकडं कापून तयार झालेला सीन येतो. त्यात दिग्दर्शकानं दुसऱ्याच कुठल्यातरी सिनेमाचं संगीत तात्पुरतं लावून ठेवलेलं असतं. म्हणणं काय, तर असंच पाहिजे, पण हे नको! मग सेकंद मोजून बसायचं. माणूस दार उघडतो तिथं काय, मागं वळतो तिथं काय, आणि बोलायला लागला की गप्प. "गप्प कवा बसायचं तेच शिकायलोय सध्या," तो म्हणाला.

मग एक सीन लावला. पावणेदोन मिनिटांचा. एक म्हातारी बाई रिकाम्या घरात कुलपं तपासत फिरते. बोलणं नाही. मागं कीबोर्डचा एक लांब सूर, त्यावर दुसरा, आणि शेवटी शेवटी अगदी बारीक गुणगुणणं, शब्द नसलेलं.

दादा मोबाईल कानाजवळ नेऊन ऐकत होता. सीन संपला.

"हे शेवटी कोण होतं? बाई होती का?"

"नाही पप्पा, मीच."

"तुझा आवाज असा नाही."

"तिचा असा असंल ना पण. त्या म्हातारीचा."

दादा काही बोलला नाही. मोबाईल माझ्या हातात दिला, चष्मा काढून पुसला, परत घेतला. मग विचारलं, "नाव कवा येतं तुझं?"

"एकदम शेवटी. बारीक अक्षरात. लोक तोवर बंद करतात."

"किती भाग हायत?"

"आठ."

"एकेक किती वेळाचा?"

"पाऊण तास."

दादानं बोटांवर हिशेब केला. "सहा तास," तो मला म्हणाला. "दुकान बंद केल्यावर रोज एक बघावा लागंल. ते लावायचं कसं तेवढं लिहून दे."